गावातून ऑनलाइन डाव मांडायचा, तर होस्ट कोणी व्हायचं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. दिग्रसजवळच्या एका गावातला बीएस्सीचा विद्यार्थी, त्याचा गावातलाच एक मित्र आणि नागपूरला वसतिगृहात राहणारा तिसरा, असे तिघं 'बॅटल फॉर वेसनॉथ' हा पाळीपाळीने खेळायचा, फौजांच्या लढाईचा कॉम्प्युटर गेम खेळू पाहतात. गावातले दोघं एका मोबाइलच्या हॉटस्पॉटवर बसले की खेळ नीट चालतो. नागपूरच्या मित्राला मात्र नुसतं 'कनेक्शन टाइम्ड आउट' दिसतं. पोर्ट फॉरवर्डिंगचे व्हिडिओ पाहून झाले, पण मोबाइलमध्ये तसा पर्यायच सापडत नाही. त्यात परवा लाइन, म्हणजे वीज, गेली आणि दोन तास रंगलेला डाव बुडाला. शेवटी विचारलंय, की धाकट्या भावाला चालू खेळात मधूनच घेता येईल का?

मी यवतमाळ जिल्ह्यातच तालुक्याच्या गावी कॉम्प्युटर क्लास चालवतो. संध्याकाळची बॅच सुटली की आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलं लॅबमध्ये हाच खेळ मांडून बसतात. पुढे कोणी अमरावतीला जातं, कोणी पुण्याला, आणि अर्धवट डाव तिथून पुढे चालू ठेवायचा असतो. त्यामुळे हे सगळे प्रश्न माझ्याकडे वरचेवर येतात. उत्तर लांबेल, पण पूर्ण वाचा.

तुम्ही नेट, पोर्ट आणि लाइन अशा तीन अडचणी लिहिल्या आहेत. मला त्यात एकच दिसते: डाव चुकीच्या जागी उभा केलाय. वेसनॉथमध्ये 'होस्ट नेटवर्क्ड गेम' निवडलं की तुमच्या लॅपटॉपवर एक छोटा सर्व्हर सुरू होतो आणि बाकीचे खेळाडू त्याच्यात येऊन बसतात. असा डाव आपल्याकडे उभा करणारा तो होस्ट. म्हणजे तो लॅपटॉप बाहेरून सापडायला हवा, त्याचं नेट टिकायला हवं आणि त्याची लाइन टिकायला हवी. गावातल्या मोबाइल डेटावर यातली पहिली गोष्ट बहुतेक वेळा होतच नाही, आणि उरलेल्या दोन्हींचा भरवसा नसतो.

एक गैरसमज आधी दूर करतो. मुलं मला म्हणतात, "सर, आमचं नेट स्लो आहे, म्हणून होत नाही." पाळीपाळीने खेळायच्या खेळाला वेग लागतच नाही. धावपळीच्या, गोळीबाराच्या खेळात सेकंदाचा दहावा भागही जाणवतो. इथे तुम्ही एक सैनिक दोन घरं पुढे सरकवता आणि तेवढीच खबर तारेवरून जाते. ती अर्ध्या सेकंदाने पोचली तरी समोरच्याला पत्ता लागत नाही. संध्याकाळभराचा डाव व्हॉट्सअ‍ॅपवर आलेल्या एखाद्या व्हिडिओइतकाही डेटा खात नाही. दोन काड्या दाखवणारा टॉवरही पुरतो. धागा मात्र तुटायला नको. म्हणून वेगाच्या मागे न लागता, धागा कुठे कमी तुटेल आणि तुटलाच तर कमीत कमी काय बुडेल, याचा विचार करायचा.

आता नागपूरचा मित्र का पोचत नाही ते पाहू. इंटरनेटवरच्या जुन्या पद्धतीच्या पत्त्यांची, म्हणजे आयपीव्ही४ ची, एकूण संख्या सुमारे ४३० कोटी. आशिया-पॅसिफिक भागात हे पत्ते वाटणाऱ्या एपीनिक संस्थेकडचा साठा एप्रिल २०११ मध्येच शेवटच्या हप्त्यावर आला. इतक्या मोबाइलना प्रत्येकी एक पत्ता पुरणार कसा? म्हणून कंपन्या अनेक ग्राहकांना मिळून एकच बाहेरचा पत्ता वापरतात. मोठ्या वाड्यात पंधरा बिऱ्हाडं असावीत आणि पाटी एकाच्याच नावाची असावी, तसं हे आहे. आतून बाहेर पाठवलेल्या चिठ्ठीला उत्तर येतं, कारण ती कोणी पाठवली हे दारावरच्या माणसाला ठाऊक असतं. बाहेरून आपणहून आलेल्या पाहुण्याला मात्र तो आत सोडत नाही, कारण कोणत्या बिऱ्हाडाकडे न्यायचं हे त्याला माहीत नसतं. पोर्ट फॉरवर्डिंग म्हणजे त्या दारावर "असा पाहुणा आला तर आमच्याकडे पाठवा" असं सांगून ठेवणं. मोबाइल डेटावर ते दार कंपनीच्या ताब्यात असतं, म्हणून तो पर्याय तुमच्या फोनमध्ये नाही. तुमचं काही चुकलेलं नाही.

घरी फायबर असेल तर मात्र परिस्थितीवर अवलंबून आहे. खात्री करायला पाच मिनिटं लागतात. राउटरचं पान उघडा. पत्ता बहुतेक १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१ असतो, राउटरच्या पाठीवरच्या चिठ्ठीवरही छापलेला असतो. तिथे 'वॅन आयपी' नावाने जो आकडा दिसेल तो लिहून घ्या. मग ब्राउझरमध्ये 'माझा आयपी पत्ता काय' असं शोधा आणि तिथे दिसणारा आकडा त्याच्याशी ताडून पाहा. दोन्ही जुळले तर दार तुमच्या हातात आहे, पोर्ट फॉरवर्डिंग चालेल. वॅनचा आकडा १०.ने, १९२.१६८ने, किंवा १७२.१६ ते १७२.३१ यांच्यापैकी कशाने सुरू होत असेल, तर तो आतल्या आत वापरायचा पत्ता आहे. १००.६४ ते १००.१२७ या टप्प्यातला असेल तर प्रश्नच मिटला, कारण हा टप्पा २०१२ साली याच सामाईक पत्त्यांच्या व्यवस्थेसाठी राखून ठेवलाय. मग राउटरवर कितीही पोर्ट उघडा, उपयोग नाही. काही कंपन्या वेगळे पैसे घेऊन स्वतंत्र पत्ता देतात, पण एका खेळासाठी त्यात पैसे घालू नका असंच मी सांगेन.

तुमच्यासाठी सरळ रस्ता असा: तिघांपैकी कोणीच घरी होस्ट होऊ नका. वेसनॉथच्या मल्टिप्लेअर खिडकीत पहिलाच पर्याय 'जॉइन ऑफिशियल सर्व्हर' आहे. तो निवडला की तिघंही आपापल्या घरातून बाहेर पडून एका तिसऱ्या ठिकाणी भेटता. बाहेर जायला कोणी अडवत नाही, त्यामुळे वर सांगितलेल्या दाराचा प्रश्नच उरत नाही. नोंदणी सक्तीची नाही. दुसऱ्या कोणी नोंदवून ठेवलेलं नसेल असं टोपणनाव टाकलं की आत जाता येतं. एकाने 'क्रिएट गेम' करून नकाशा निवडायचा, खेळाला ओळखू येईल असं नाव द्यायचं आणि पासवर्ड लावायचा, म्हणजे अनोळखी खेळाडू येऊन जागा अडवणार नाही. पासवर्ड फोनवर सांगायचा. यादीत तो खेळ दिसला की बाकीचे दोघं 'जॉइन' करतात. इथे खेळ तयार करणाऱ्यालाही होस्टच म्हणतात, पण सगळी ये-जा सर्व्हरमार्फत होते. म्हणून त्याची लाइन गेली तरी बाकीच्यांचा खेळ जागच्या जागी राहतो आणि होस्टपद उरलेल्यांपैकी एकाकडे जातं. तुमचा परवाचा डाव असा मांडला असता तर वाचला असता.

हे करताना आवृत्ती जुळणं फार महत्त्वाचं. वेसनॉथच्या आवृत्त्यांमध्ये मधला आकडा सम असेल तर ती स्थिर आवृत्ती, विषम असेल तर चाचणीची. १.१६ आणि १.१८ या स्थिर आहेत, १.१७ आणि १.१९ चाचणीच्या. १.१८ मधला कोणताही उपआकडा दुसऱ्या १.१८ शी खेळतो, १.१६ शी खेळत नाही. मग एकाला यादीत मित्राचा खेळ दिसतच नाही आणि तो नेटला दोष देत बसतो. लिनक्स असेल तर जास्त लक्ष द्या, कारण त्याच्या भांडारातून आपोआप बसलेली आवृत्ती बऱ्याचदा मागची असते. मुख्य खिडकीवर आकडा लिहिलेला असतो, तो आधी एकमेकांना फोनवर वाचून दाखवा. आणि प्रत्येकाने वेगवेगळं डाउनलोड करायची गरज नाही. खेळ काहीशे एमबीचा आहे आणि तो जीपीएल परवान्याखाली दिलेला मुक्त खेळ आहे. एकाने उतरवावा आणि पेनड्राइव्हवर दुसऱ्याला द्यावा, त्यात बेकायदा काही नाही. डेव्हिड व्हाइट यांनी २००३ मध्ये सुरू केलेला हा खेळ आजवर जगभरच्या हौशी लोकांनी वाढवलाय. ज्याच्याकडे खेळ विकत घ्यायला पैसे नाहीत त्या मुलालाही तो पूर्णच्या पूर्ण मिळतो, म्हणून मी क्लासात हाच ठेवतो.

अ‍ॅड-ऑनचंही तसंच. नवा नकाशा किंवा नव्या फौजा उतरवल्या असतील तर त्या सगळ्यांकडे सारख्याच असाव्या लागतात. एकाकडे फरक असला की मध्येच 'आउट ऑफ सिंक' असा इशारा येतो. म्हणजे दोन मशीनवरचे डाव वेगळे पडलेत: तुमच्याकडे सैनिक मेलाय, त्याच्याकडे जिवंत आहे. असा इशारा आला की तसाच रेटू नका. थांबा, आधीच्या पाळीची सेव्ह उघडा आणि तिथून पुन्हा खेळा. सुरुवातीचे काही डाव खेळासोबत आलेल्या नकाशांवरच खेळावेत, हे बरं.

वसतिगृहाच्या वायफायबद्दल एक शंका आहे. काही वसतिगृहं आणि कॉलेजं ब्राउझिंगपुरतेच मार्ग खुले ठेवतात. वेसनॉथ १५००० क्रमांकाच्या पोर्टवरून बोलतो, तो बंद असेल तर नागपूरचा मित्र ऑफिशियल सर्व्हरलाही पोचणार नाही. त्याने एकदा स्वतःचा मोबाइल डेटा लावून पाहावा. डेटावर चाललं आणि वायफायवर नाही, तर दोष कुठे आहे ते लगेच कळतं. डेटा किती कमी लागतो ते वर सांगितलंच आहे, त्यामुळे तो खर्च अंगावर येत नाही.

तरीही काहींना स्वतःच होस्ट व्हायचं असतं. सर्व्हर बंद असेल, किंवा फ्रीसिव्हसारखा राष्ट्र उभारायचा खेळ असेल ज्यात आपला सर्व्हर आपण चालवण्यात वेगळीच मजा आहे. अशा वेळी टेलस्केल किंवा झीरोटियरसारखं साधन वापरावं. दोघांच्या मशीनवर ते बसवलं की दोन्ही मशीनमध्ये एक खाजगी जाळं तयार होतं आणि ती एकाच घरात असल्यासारखी एकमेकांना दिसतात. दोन्ही बाजूंनी आतून बाहेर हात पुढे केलेला असतो, म्हणून मधलं दार आड येत नाही. थेट जोडणी जमली नाही तर टेलस्केल स्वतःच्या मधल्या सर्व्हरमार्फत डेटा फिरवून आणतं. वेग कमी होतो, पण आपल्याला वेग लागत नाही. टेलस्केलने दिलेला पत्ता १००ने सुरू होतो. तो पाहून वरच्या सामाईक पत्त्याशी गल्लत करू नका, टप्पा तोच असला तरी काम वेगळं आहे. तो पत्ता मित्राने 'कनेक्ट टू सर्व्हर'मध्ये हाताने टाकायचा. टेलस्केलवरून खेळ यादीत आपोआप दिसत नाही, आणि मुलं रिकाम्या यादीकडे पाहत बसतात. एक सावधगिरी आहे: या जाळ्यात आलेला माणूस तुमच्या मशीनच्या जवळ आलेला असतो. ओळखीच्या माणसालाच घ्या, आणि खेळ संपल्यावर नको असलेली मशीन यादीतून काढून टाका.

एका छताखाली खेळायचं असेल तर इंटरनेट लागतच नाही, हे फार जणांना माहीत नसतं. हॉटस्पॉट चालू करून डेटा बंद ठेवला तरी त्यावर जोडलेले दोन लॅपटॉप एकमेकांशी बोलू शकतात. टॉवर गेलेल्या दिवशीही डाव होतो. होस्टने कमांड प्रॉम्प्टमध्ये 'आयपीकॉन्फिग' टाकून आपला आयपीव्ही४ पत्ता पाहायचा आणि दुसऱ्याला सांगायचा. इथे अडतं ते विंडोजच्या फायरवॉलपाशी. पहिल्यांदा होस्ट करताना एक खिडकी उघडते, की या प्रोग्रामला नेटवर्कवर येऊ द्यायचं का. घाईत मुलं 'कॅन्सल' दाबतात. मग विंडोज त्या प्रोग्रामसाठी बंदीचा नियम कायमचा लिहून ठेवतं आणि पुन्हा विचारतही नाही. आमच्या लॅबमध्ये "दोघं एकाच वायफायवर आहेत, तरी जॉइन होत नाही" अशी तक्रार आली की मी सगळ्यात आधी हेच पाहतो. फायरवॉलच्या सेटिंगमध्ये 'अलाऊ अ‍ॅन अ‍ॅप' उघडा, वेसनॉथच्या नावाच्या ओळी शोधा आणि परवानगीच्या खुणा करा. शिवाय विंडोज नव्या वायफायला 'पब्लिक' समजतं, ते 'प्रायव्हेट' करून घ्या. सगळी फायरवॉलच बंद करा असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. एका खेळापायी मशीन उघडं टाकण्याची काही गरज नाही.

आता लाइनचं. गावात हा विषय बाजूला ठेवून चालत नाही. पावसाळ्यात वारा सुटला की डीपीवरचा फ्यूज जातो, उन्हाळ्यात भारनियमन असतं. म्हणून एखादा खेळ घरीच होस्ट करायची वेळ आली, तर ज्याच्याकडे लॅपटॉप आहे आणि ज्याची बॅटरी धड आहे, त्याने होस्ट व्हावं. डेस्कटॉप कितीही भारी असला तरी लाइन जाताच तो बसतो आणि सगळ्यांना घेऊन बसतो. फायबर असेल तर राउटरला बारा व्होल्टचा छोटा यूपीएस लावून घ्या, तो खेळाशिवायही उपयोगी पडतो. मोबाइल टॉवरला बॅटरी असते, पण लाइन बराच वेळ गेली की तोही मान टाकतो. म्हणून लाइन गेली आणि लवकर येण्याची चिन्हं नसली, तर टॉवर आहे तोवरच डाव सेव्ह करून मोकळे व्हा. हॉटस्पॉट देणारा फोन जुना असेल तर कॉल आल्यावर त्याचा डेटा थांबतो आणि धागा तुटतो. हॉटस्पॉटसाठी असा फोन ठेवा ज्यावर त्या वेळी कोणाचा कॉल यायचा नाही.

सेव्हची शिस्त लावलीत तर निम्मी चिंता मिटते. वेसनॉथमध्ये कंट्रोल आणि एस एकत्र दाबलं की सेव्ह होते. होस्टने एकट्यानेच नाही, तिघांनीही प्रत्येक तीन-चार पाळ्यांनी सेव्ह करावं. फाइल एखाद्या फोटोपेक्षाही लहान असते. उठायच्या आधी ती व्हॉट्सअ‍ॅपच्या गटावर डॉक्युमेंट म्हणून टाकून द्या, म्हणजे कोणाचंही मशीन बिघडलं तरी दुसरा डाव उघडू शकतो. विंडोजवर ती डॉक्युमेंट्समध्ये 'माय गेम्स', त्यात वेसनॉथचा फोल्डर आणि त्यात 'सेव्हज' अशी सापडते. पुन्हा सुरू करताना होस्ट 'क्रिएट गेम'मध्येच 'लोड गेम' निवडतो आणि बाकीचे नेहमीसारखे जॉइन करतात.

इथे टोपणनाव फार जपायचं असतं. सेव्हमध्ये प्रत्येक बाजू खेळाडूच्या नावाने राखीव असते आणि नाव अक्षर न अक्षर तेच लागतं. आमच्याकडे एका मुलीने पहिल्या दिवशी नावाच्या शेवटी अंडरस्कोर लावला होता. दुसऱ्या दिवशी ती तो विसरली. पडद्यावर तिची जागा कालच्या नावाने राखलेली दिसत होती, ती स्वतः बाहेर प्रेक्षकांत उभी, आणि समोरचा मुलगा "तू आलीच नाहीस" म्हणून भांडायला उठला. होस्टने ती जागा हाताने तिच्याकडे दिली तेव्हा खेळ पुढे गेला. टोपणनाव साधं ठेवा आणि वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेवा.

एवढं करूनही तिघांना एकाच वेळी बसणं जमत नसेल, तर एकत्र बसून खेळायचा नाद सोडावा आणि पाठवापाठवीचा डाव मांडावा. गावात ही अडचण खरी आहे. जूनमध्ये पेरणी आली की कोणी वावरातून हलत नाही. दिवाळीपासून कापसाची वेचणी, त्यानंतर हरभऱ्या-गव्हाला ओलित, आणि लाइन रात्रीची असली की घरातल्या तरण्या पोरालाच मोटार सुरू करायला जावं लागतं. अशा दिवसांत "रात्री नऊला सगळे या" हे ठरवून होत नाही. त्यासाठी मोबाइलवर चालणारा अनसिव्ह हा राष्ट्र उभारायचा पाळीपाळीचा खेळ चांगला आहे. तो मुक्त आहे आणि साध्या अँड्रॉइड फोनवर चालतो. त्यात कोणीच होस्ट म्हणून जागत बसत नाही. डावाची फाइल सर्व्हरवर असते. ज्याची पाळी असेल तो ती उघडतो, खेळतो, पाळी संपवतो आणि फाइल पुन्हा वर जाते. पुढच्याला फोनवर सूचना येते. मोटार सुरू करून धुऱ्यावर बसल्या बसल्याही पाळी उरकता येते, टॉवर दोन मिनिटं मिळाला तरी पुरे.

अनसिव्हची सुरुवात अशी करा. मल्टिप्लेअरमध्ये प्रत्येकाचा एक लांबलचक यूजर आयडी असतो. तो कॉपी करून डाव मांडणाऱ्याला पाठवायचा. त्याने नवा ऑनलाइन डाव तयार करताना प्रत्येक माणसाच्या जागी त्याचा आयडी चिकटवायचा. डाव सुरू झाला की गेम आयडी मिळतो, तो बाकीच्यांनी आपल्याकडे टाकायचा. सर्व्हरची सेटिंग सगळ्यांची एकच हवी, नाहीतर आयडी बरोबर असूनही डाव सापडत नाही. आणि यूजर आयडी कुठेतरी जपून ठेवा. फोन बदलला किंवा रीसेट केला की नवा आयडी तयार होतो आणि जुन्या डावात तुम्हाला कोणी ओळखत नाही. जुना आयडी जपलेला असेल तर तो सेटिंगमध्ये परत टाकता येतो.

फ्रीसिव्ह या दोघांच्या मधला आहे. डेन्मार्कच्या ऑर्हुस विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी तो तयार केला, पहिली आवृत्ती जानेवारी १९९६ मध्ये आली. त्यात सगळे एकाच वेळी चाली करतात आणि सगळ्यांनी 'टर्न डन' दाबलं की वर्ष पुढे सरकतं. म्हणून चार-पाच जणांत तो वेसनॉथपेक्षा कमी रखडतो. सर्व्हर वेगळा चालतो, नेहमीचा पोर्ट ५५५६. कोणाचं नेट गेलं तर त्याचं राष्ट्र तसंच राहतं आणि तो त्याच नावाने परत येऊन बसू शकतो. सर्व्हरवर 'टाइमआउट' शून्य ठेवलं तर पाळीला वेळेचं बंधन राहत नाही. काही मंडळी ते जवळपास एका दिवसाचं ठेवून महिनोन्‌महिने एकच डाव खेळतात. लॅबमध्ये मोठा गट असला की मी हाच लावतो. तिघांसाठी मात्र वेसनॉथच बरा.

कोणताही खेळ निवडा, दोन-तीन गोष्टी डाव मांडण्याआधी बोलून घ्या. वेसनॉथमध्ये पाळीला वेळेची मर्यादा लावता येते. मित्रांच्या डावात ती बंद ठेवा, कारण टॉवर डळमळला तर त्याची शिक्षा खेळाडूला होऊ नये. कोणी मध्येच गेला तर किती वेळ थांबायचं ते ठरवा, आणि त्याची फौज तोवर संगणकाकडे द्यायची की डाव सेव्ह करून उठायचं तेही ठरवा. वेसनॉथ हे त्या क्षणी होस्टला विचारतोच. आधी ठरलेलं नसेल तर होस्टने घाईत काहीतरी दाबलेलं असतं, परत आलेल्याला आपली अर्धी फौज मेलेली दिसते, आणि पुढचे आठ दिवस दोघं बोलत नाहीत. हरणाऱ्याने डाव सोडायचा असेल तर सांगून सोडावा. नेट गेल्याचं कारण पुढे करून पळ काढला, तर पुढच्या वेळी खरंच नेट गेलं तरी कोणी विश्वास ठेवत नाही.

म्हणजे तुम्ही तिघांनी या क्रमाने जावं, भाऊ: आधी आवृत्त्या जुळवा, मग ऑफिशियल सर्व्हरवर पासवर्ड लावून लहान नकाशाचा एक डाव खेळा, मधेच मुद्दाम एकाने बाहेर पडून परत येऊन पाहा, आणि शेवटी सेव्ह करून दुसऱ्या दिवशी लोड करून पाहा. हे सगळं जमलं की मग मोठा नकाशा घ्या. तिथेही जमलं नाही तर टेलस्केल, आणि वेळच जुळत नसेल तर अनसिव्ह.

राहिला धाकटा भाऊ. वेसनॉथमध्ये चालू डावात नवी बाजू जोडता येत नाही, पण असलेली बाजू दुसऱ्याच्या हाती देता येते. म्हणून चार जणांचा नकाशा घ्या आणि चौथी बाजू सुरुवातीपासून संगणकाकडे ठेवा. भाऊ आला की त्याने प्रेक्षक म्हणून जॉइन करावं. त्यासाठी खेळ तयार करताना प्रेक्षकांना परवानगी दिलेली असायला हवी. मग होस्टने खेळातच कोलन दाबून आदेशाची ओळ उघडायची, 'कंट्रोल' असं इंग्रजीत लिहायचं, पुढे बाजूचा क्रमांक आणि त्यापुढे भावाचं टोपणनाव. एंटर दाबलं की ती फौज त्याची. तो अगदीच नवा असेल तर आधी दोन पाळ्या त्याला तुमच्या शेजारी बसवून खेडी का ताब्यात घ्यायची आणि रात्री कोणत्या फौजेचं बळ वाढतं एवढं दाखवा, आणि मगच बाजू त्याच्याकडे द्या.